सरहद्दीवरचा तालुका : पनवेलचा इतिहास आणि भूगोल

पनवेलचा इतिहास धुंडाळू पाहणाऱ्या विद्यार्थ्याची पहिली अडचण ग्रंथालयाच्या कपाटापाशीच सुरू होते. पनवेल तालुका रायगड जिल्ह्यात, आणि रायगड म्हणजे पूर्वीचा कुलाबा. तेव्हा मुंबई इलाख्याच्या जुन्या गॅझेटिअरमालेतला कुलाबा-जंजिऱ्याचा अकरावा खंड उघडावा, हे ओघानेच आले. परंतु १८८३ साली छापलेल्या त्या खंडात तालुका म्हणून पनवेलचे वर्णन मिळत नाही. ते मिळते ठाणे जिल्ह्याच्या खंडांत. पनवेल बंदर आणि कर्नाळा किल्ला यांच्या नोंदी ठाण्याच्या ‘स्थलवर्णना’च्या खंडात, म्हणजे चौदाव्या खंडात, १८८२ साली छापल्या गेल्या आणि पुढच्याच वर्षी पनवेल तालुका ठाण्यातून काढून कुलाब्यास जोडण्यात आला. ग्रंथाची शाई वाळते न वाळते तोच जमीन दुसऱ्या जिल्ह्याची झाली. १९६४ साली महाराष्ट्र शासनाने कुलाबा जिल्ह्याचे नवे गॅझेटिअर काढले, तेव्हा पनवेल आपल्या नव्या जिल्ह्याच्या ग्रंथात आले. मधली ऐंशी वर्षे अभ्यासकाने दोन जिल्ह्यांची कपाटे उघडायची होती.

मराठीत ‘सीमाभाग’ हा शब्द उच्चारला की बेळगाव, निपाणी, कारवार एवढेच डोळ्यांसमोर येते, आणि १९५६च्या राज्यपुनर्रचनेनंतर जे घडले ते पाहता ते स्वाभाविकही आहे. परंतु सीमा केवळ दोन राज्यांच्या वा दोन भाषांच्या मध्ये असते असे नाही. एकाच भाषेच्या, एकाच बोलीच्या, किंबहुना एकाच कुळाच्या मधूनही ती जाते. तिच्यासाठी मोर्चे निघत नाहीत, तिच्यावर कादंबऱ्या लिहिल्या जात नाहीत, पण ती माणसांचे व्यवहार ठरवीत राहते. पनवेल तालुका हे अशा सीमेचे उत्तम उदाहरण आहे असे आम्हांस वाटते. गेली पाचशे वर्षे हा मुलूख कोणत्या ना कोणत्या सत्तेच्या कडेवर राहिला आहे.

याचे अर्धे कारण भूगोलात आहे. पनवेलच्या पूर्वेस माथेरान आणि प्रबळगड यांचे उंच पठारी डोंगर, ईशान्येस चंदेरी-मलंगाची रांग, दक्षिणेस कर्नाळ्याचा सुळका, वायव्येस खारघरचा डोंगर आणि पारसिकची टेकाडे. या सर्वांच्या मध्ये भाताची सपाट जमीन, आणि पश्चिमेला ती जमीन कुठे संपते व पाणी कुठे सुरू होते हे भरती-ओहोटीवर अवलंबून. गाढी, काळुंद्रे आणि कासाडी या नद्या पनवेलच्या खाडीकडे येतात. दक्षिणेकडची पाताळगंगा मात्र आपट्याकडून धरमतरच्या खाडीकडे वळते. म्हणजे एकाच तालुक्याचे पाणी दोन खाड्यांत विभागले जाते. खाडीने मुंबई जवळ केली, बोरघाटाने पुणे जवळ केले, आणि या दोहोंच्या मध्ये पनवेल सापडले. ज्याला घाटावरून समुद्राकडे यायचे किंवा समुद्रावरून घाटाकडे जायचे, त्याला हा उंबरठा ओलांडावा लागे. उंबरठ्यावर कुणी मुक्काम करीत नाही, पण तो ताब्यात असावा असे प्रत्येकाला वाटते.

कर्नाळ्याचा इतिहास या वाटण्याचाच इतिहास आहे. देवगिरीच्या यादवांकडून तो दिल्लीच्या सुलतानांकडे व पुढे गुजरातच्या सुलतानांकडे गेला. १५४०च्या सुमारास अहमदनगरच्या निजामशहाने तो घेतला, तेव्हा गुजरातच्या बाजूने वसईच्या पोर्तुगिजांकडे मदत मागितली गेली. पोर्तुगिजांनी किल्ला जिंकून दिला खरा, पण शिबंदी स्वतःची ठेवली. निजामशहाने पुन्हा सैन्य पाठविले. शेवटी वर्षाला पाच हजार सुवर्ण पारदाव घेऊन पोर्तुगिजांनी तो निजामशहास देऊन टाकला. ज्यांच्यासाठी किल्ला जिंकला होता त्यांना यात काय मिळाले, हा प्रश्न विचारण्यात अर्थ नाही. सरहद्दीवरच्या किल्ल्याला धनी नसतो, त्याला फक्त भाव असतो.

पुढे १६३६च्या तहाने निजामशाही संपून कोकणचा हा पट्टा विजापूरकडे गेला. १६५७ साली शिवाजी महाराजांनी कल्याण-भिवंडी घेतली आणि पनवेलच्या भोवतालचे डोंगरी किल्ले स्वराज्यात येऊ लागले. १६६५च्या पुरंदरच्या तहात जे तेवीस किल्ले मिर्झाराजे जयसिंगाच्या हवाली करावे लागले, त्यांत कर्नाळाही होता. १६७०मध्ये तो मराठ्यांनी परत घेतला. महाराजांच्या पश्चात तो औरंगजेबाकडे गेला, १७४०मध्ये पेशव्यांकडे आला आणि १८१८मध्ये कर्नल प्रॉथरने इंग्रजांसाठी जिंकला. किल्ल्याच्या दरवाजांवर एक मराठी आणि एक फारसी असे दोन शिलालेख आहेत. भाषांचे असे शेजार आपल्याकडच्या किल्ल्यांवर दुर्मीळ नाही, पण कर्नाळ्याच्या बाबतीत ते या जागेचा स्वभावच सांगते. (आज बहुतेक लोक कर्नाळ्याला ओळखतात ते १९६८ साली स्थापन झालेल्या पक्षी अभयारण्यामुळे. पायथ्याशी पाट्या आहेत त्या हळद्यांच्या, धनेशांच्या आणि स्वर्गीय नर्तकांच्या. तहनाम्यांचा उल्लेख असलाच तर अगदी बारीक अक्षरांत.)

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात इथली सीमा कागदावर अगदी स्पष्ट झाली. १७३९ साली वसई पडली आणि पोर्तुगिजांचा उत्तर कोकणातला अंमल सरला. परंतु १७७४मध्ये इंग्रजांनी साष्टी, घारापुरी आणि करंजा, म्हणजे आजचे उरण, ही बेटे घेतली आणि १७८२च्या सालबाईच्या तहाने ती त्यांच्याकडे कायम झाली. तेव्हापासून १८१७पर्यंत उरण कंपनी सरकारचे आणि खाडीपलीकडचे पनवेल पेशव्यांचे अशी स्थिती होती. ज्या खाडीत दोन्ही तीरांवरचे आगरी बांध घालीत होते, मीठ पिकवीत होते, कोळी जाळी टाकीत होते, ती खाडी दोन राज्यांची सरहद्द होती. ओहोटीच्या वेळी ही सरहद्द म्हणजे गुडघाभर चिखल.

याच काळात पनवेलने युद्धाची ये-जा पाहिली. १७७८च्या अखेरीस राघोबादादांना पुण्याच्या गादीवर बसविण्यासाठी निघालेली इंग्रज फौज मुंबईहून होड्यांनी येऊन पनवेलला उतरली आणि बोरघाट चढून गेली. जानेवारी १७७९मध्ये वडगावला तिने शरणागतीचा करार केला. कार्ल्याजवळ पडलेला कॅप्टन स्ट्युअर्ट मराठी लोकस्मृतीत ‘इष्टुर फाकडा’ म्हणून राहिला, हे बखरवाङ्मयाच्या आणि लोकपरंपरेच्या अभ्यासकांस ठाऊक आहेच. शत्रूचे नाव आपल्या जिभेवर बसवून घेऊन वर त्याला ‘फाकडा’ म्हणणारी ही भाषा कोणत्या मनाची आहे, यावर स्वतंत्र लेख होऊ शकेल. १७८१मध्ये जनरल गॉडर्डची फौज बोरघाटातून मागे हटली तीही पनवेलकडेच, हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धन यांच्या तुकड्या पाठीशी घेऊन. पाठ्यपुस्तकांत या मोहिमा ‘पुणे’ आणि ‘मुंबई’ या दोन शब्दांत मावतात. मधल्या गावांतून बैल, गाड्या, दाणा-वैरण नेली जाते ती कोणाच्या घरातून, याची नोंद इतिहास घेत नाही.

१८१८नंतर सरहद्द गेली आणि वाट राहिली. हा काळ पनवेलच्या भरभराटीचा. १८३० साली गव्हर्नर सर जॉन माल्कम यांच्या कारकिर्दीत बोरघाटातून गाडीरस्ता खुला झाला. मुंबईहून पुण्यास जाणारा माणूस होडीने पनवेलला येई आणि तेथून पुढे गाडीने किंवा घोड्याने घाटाकडे जाई. टपालही याच वाटेने जाई. बंदर, धर्मशाळा, धान्याच्या वखारी, गाडीवानांचे तळ, असे सारे वाढले. बैलगाडीची चाके करणे हा गावाचा नावाजलेला धंदा झाला. १८४९ साली येथील बेने इस्रायल समाजाने आपले प्रार्थनामंदिर उभारले. मराठी बोलणाऱ्या या समाजाचा उल्लेख आपल्या वाङ्मयेतिहासात किती त्रोटक येतो, हे जाता जाता नोंदवून ठेवू. १८५२मध्ये नगरपालिका आली. १८७२ साली कृष्णशास्त्री पुराणिकांनी धूतपापेश्वर औषधालय काढले, ते पुढे देशभर पोहोचले.

पण तोवर मुख्य घाव बसून गेला होता. लोहमार्ग १८५३मध्ये ठाण्यास, १८५४मध्ये कल्याणला आला आणि तेथून कर्जतच्या बाजूने वळून १८५६मध्ये खोपोलीच्या पायथ्याशी गेला. १८६३मध्ये बोरघाटाची चढण पुरी झाली आणि मुंबई-पुणे गाडी पनवेलला वळसा घालून धावू लागली. चाके करणाऱ्या गावाला चाकांनीच मागे टाकले. पनवेलला रेल्वे आली ती शंभर वर्षांनी, १९६०च्या दशकात, दिव्याहून.

आता १८८३च्या रेघेकडे येऊ. पेशवाईच्या अस्तानंतर इंग्रजांनी ‘उत्तर कोकण’ म्हणून जो जिल्हा केला, त्याचे ठाणे हे मुख्य ठिकाण होते आणि १८३३पासून त्याचे नावही ठाणे झाले. आंग्र्यांचे कुलाबा संस्थान १८४०मध्ये वारस नामंजूर करून खालसा करण्यात आले, त्या मुलखाची आधी उपजिल्हादारी झाली आणि १८६९मध्ये स्वतंत्र कुलाबा जिल्हा झाला. या जिल्ह्याला पुढे १८८३मध्ये पनवेल (उरण महालासह) आणि १८९१मध्ये कर्जत जोडण्यात आले. माथेरानचा शोध १८५०मध्ये ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट यांच्या नावावर जमा आहे. ‘ठाण्याचा कलेक्टर माथेरानला काय करीत होता’ असे विद्यार्थी विचारतात, त्याचे उत्तर हे की तेव्हा तो डोंगर त्याच्याच जिल्ह्यात होता. आद्य क्रांतिकारक वासुदेव बळवंत फडके १८४५ साली कर्नाळ्याच्या पायथ्याशी शिरढोणला जन्मले ते ठाणे जिल्ह्यात, आणि फेब्रुवारी १८८३मध्ये एडनच्या तुरुंगात त्यांचा मृत्यू झाला त्याच वर्षी त्यांचे गाव कुलाब्यात गेले. यात योगायोगापलीकडे काही नाही. परंतु जन्मस्थानाच्या जिल्ह्यावरून चरित्रग्रंथांत जो गोंधळ दिसतो, त्याचे मूळ येथे आहे.

कारभाराच्या सोयीसाठी ओढलेली रेघ पुढे काय काय करू शकते, याचा एक युरोपीय दाखला येथे उपयोगी पडेल. जर्मनीच्या मध्यावर आइक्सफेल्ड नावाचा एक ग्रामीण, डोंगराळ मुलूख आहे. शतकानुशतके तो माइन्झच्या आर्चबिशपच्या अमलाखाली होता, आणि भोवताली सारे प्रॉटेस्टंट असताना हा भाग कॅथलिक राहिला. १८१५च्या व्हिएन्ना परिषदेनंतर त्याचे दोन तुकडे झाले. वरचा प्रशियाला आणि खालचा, डुडरश्टाटच्या बाजूचा, हॅनोव्हरला. धर्म एक, सोयरीक एक. रेघ फक्त कचेरीपुरती. परंतु १९४५मध्ये दोस्त राष्ट्रांनी जर्मनी वाटून घेतला तेव्हा ब्रिटिश आणि सोव्हिएत विभागांची हद्द सामान्यतः याच जुन्या प्रांतिक रेघेवरून गेली, आणि पुढे तिच्यावर काटेरी तारा व पहाऱ्याचे मनोरे उभे राहिले. १९९०मध्ये तारा गेल्या, जर्मनी एक झाला, तरी डुडरश्टाट आजही एका राज्यात आणि वरचे आइक्सफेल्ड दुसऱ्या राज्यात आहे. पनवेलवर असली आपत्ती आली नाही आणि ती तुलना ताणण्याचा आमचा हेतू नाही. तात्पर्य इतकेच की रेघ ओढणाऱ्याला ती उद्या कशासाठी वापरली जाईल याची कल्पना नसते.

पनवेलच्या रेघेचा असा अनपेक्षित वापर १९७०नंतर झाला. त्या वर्षी सिडकोची स्थापना झाली आणि नव्या मुंबईसाठी ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतल्या पंच्याण्णव गावांची जमीन संपादनासाठी अधिसूचित करण्यात आली. म्हणजे शहराची कल्पना करताना जिल्ह्याची हद्द कोणी जुमानली नाही. भूमिपुत्रांचा लढाही हद्द जुमानणारा नव्हता. दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली जानेवारी १९८४मध्ये उरण तालुक्यात जे आंदोलन झाले, त्यात गोळीबारात पाच जण मृत्युमुखी पडले, आणि साडेबारा टक्के विकसित भूखंडाची जी योजना पुढे आली तिचा लाभ दोन्ही जिल्ह्यांतल्या प्रकल्पग्रस्तांसाठी होता. (याच भागात, चिरनेरला, २५ सप्टेंबर १९३० रोजी जंगल सत्याग्रहावर गोळीबार झाला होता. जमीन आणि जंगल यांबद्दलची इथली स्मृती जुनी आहे.) परंतु शहर उभे राहिल्यावर रेघ पुन्हा वर आली. १९९२मध्ये नवी मुंबई महानगरपालिका अस्तित्वात आली ती ठाणे जिल्ह्याच्या बाजूपुरती. खारघर, कामोठे, कळंबोली, नवीन पनवेल या सिडकोच्याच वसाहती रायगडच्या बाजूच्या म्हणून बाहेर राहिल्या. तिथे पाव शतक महानगरपालिका नव्हती. १ ऑक्टोबर २०१६ रोजी पनवेल महानगरपालिका झाली, रायगड जिल्ह्यातील पहिली.

आज बेलापूरहून खारघरला लोकलने जाणारा प्रवासी एक स्थानक पुढे जातो आणि त्याचा जिल्हा, कलेक्टर व महानगरपालिका बदलते. अलीकडच्या गाड्यांवर एमएच-४३, पलीकडच्या गाड्यांवर एमएच-४६. पोलीस आयुक्तालय मात्र दोन्हीकडे एकच, नवी मुंबईचे. लोकसभेसाठी २००८च्या पुनर्रचनेपासून पनवेल, उरण आणि कर्जत हे मतदारसंघ घाटापलीकडच्या मावळ, पिंपरी आणि चिंचवड यांना जोडलेले आहेत, म्हणजे बोरघाट मतपत्रिकेवर पुन्हा खुला झाला म्हणावयाचे. जिल्ह्याच्या कचेरीसाठी पनवेलकराला सत्तर-पंचाहत्तर किलोमीटरवरचे अलिबाग गाठावे लागते. ठाणे त्याहून कितीतरी जवळ. १९८१मध्ये कुलाब्याचे ‘रायगड’ झाले, त्याने अंतर कमी झाले नाही.

आणि तरीही तालुका अजून ग्रामीण आहे, हे शहरातून पाहणाऱ्याच्या लक्षात येत नाही. नेरे, मालडुंगे, धोदाणी या बाजूस गेले की ठाकूर-कातकऱ्यांच्या वाड्या लागतात. धोदाणीहून डोंगर चढून माथेरानला भाजी-दूध घेऊन जाण्याची वाट जुनी आहे. तालुक्याची हद्द तिथे उभ्या कड्यावरून जाते आणि डोक्यावर ओझे घेतलेल्या बाईला ती चढावी लागते. पश्चिमेला चित्र उलटे. विमानतळासाठी उलव्याचा डोंगर कापला गेला, उलवे नदीचे पात्र वळविले गेले, दहा गावे उठली आणि ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले. नकाशावरच्या रेघा आजवर बदलत आल्या होत्या. आता ज्यांच्या आधारे त्या ओढल्या जात ते डोंगर आणि नद्याही बदलू लागल्या आहेत.

साहित्याच्या अभ्यासकांनी या सगळ्यात लक्ष का घालावे, असा प्रश्न काही वाचक विचारतील. मराठी साहित्यात ‘कोकण’ म्हटले की श्री. ना. पेंडसे, चिं. त्र्यं. खानोलकर, जयवंत दळवी, म्हणजे दापोलीपासून खाली वेंगुर्ल्यापर्यंतचा पट्टा. उत्तर कोकणातला खाजणाचा, मिठागरांचा मुलूख त्या ‘कोकणा’त मावत नाही, आणि मुंबईच्या महानगरी साहित्यातही तो बसत नाही. दोन वाङ्मयीन जिल्ह्यांच्या मध्ये तो राहून गेला आहे. ग्रिअर्सनच्या भाषा-सर्वेक्षणाच्या १९०५मध्ये निघालेल्या सातव्या खंडात कुलाब्याच्या आगरीची नोंद आहे. पण बोली कुलाब्यापुरती नव्हती आणि नाही. भिवंडी, ठाणे, पनवेल, उरण, पेण, अलिबाग असा तिचा पट्टा आहे. ‘ळ’चा ‘ल’ करणारी, ‘गाडी’ला ‘गारी’ म्हणणारी ही बोली बेलापुरातही तीच आणि खारघरातही तीच. गावागणिक छटा बदलतात, परंतु १८८३च्या रेघेवर त्या बदलत नाहीत.

या बोलीतले जमिनीचे शब्द मात्र जमिनीबरोबर चालले आहेत. खाडीला बांध घालून कमावलेले शिलोत्र, त्या बांधातून पाणी आत-बाहेर सोडणारी उघाडी, खाऱ्या पाण्याची कोंडी, हे शब्द आमच्या वर्गातल्या आगरी मुलामुलींना आजी-आजोबांच्या तोंडून ऐकलेले म्हणून ठाऊक आहेत, त्यांचा अर्थ दाखवायला बांध उरलेला नाही. ज्या कागदांवर ते शब्द आहेत ते जमिनीचे दस्त, फेरफार आणि बंदिस्तीच्या नोंदी १८८३च्या आधीच्या असतील तर ठाण्याच्या कारभारातल्या, नंतरच्या असतील तर कुलाब्याच्या. बोलीचा कोश करू पाहणाऱ्याने दोन्हीकडे जावे लागेल.

लग्ने अजून रेघ ओलांडतात. आगरी लग्नात धवले म्हणणारी धवलारीण असते, आणि तिच्या गाण्याशिवाय विधी पुरा होत नाही अशी जुनी समजूत. मराठीतली आद्य कवयित्री म्हणून आपण जिला शिकवतो त्या महदंबेच्या रचनेचे नावही ‘धवळे’च. तेराव्या शतकातला तो लग्नगीतांचा प्रकार आणि पनवेल-उरणच्या मांडवातले धवले यांचे नाते नेमके कसे, याचा शोध पदव्युत्तर वर्गातल्या एखाद्याने घ्यावा असे आम्ही दरवर्षी सुचवितो. धवलारणी आता वयस्क आहेत. त्यांना बोलावणी ठाण्याकडूनही येतात आणि पेण-अलिबागकडूनही.